एका बोटीचे नामांतर

आमच्या रोहिणखेडहून समुद्र पाहायचा तर आधी मलकापूर गाठावे लागते आणि तिथून रात्रभराचा रेल्वे प्रवास करून मुंबई. गावातल्या पुष्कळ आयाबायांनी समुद्र पाहिला तो सहा डिसेंबरला चैत्यभूमीवर गेल्यावरच, तोही गर्दीतून, लांबून. गावाला इतिहास आहे. १५८२ सालची दगडी मशीद आहे, १४३७ आणि १५९० सालच्या दोन लढायांची नोंद आहे. तालुक्यात नळगंगेचे धरण आहे, तिथे मासेमारी चालते. परंतु समुद्रावर चालणारी, सरकारदरबारी नोंदलेली बोट आणि रोहिणखेड यांचा कधी संबंध येईल असे आम्हाला वाटले नव्हते.

आम्ही पेशाने कारकून. नोकरीची वेळ संपली की वस्तीतल्या लोकांचे अर्ज लिहिणे हा आमचा जुना उद्योग. रेशनकार्ड, जातीचा दाखला, निराधार योजना, घरकुलाची यादी, शाळेच्या दाखल्यावरची चुकलेली जन्मतारीख. नाव बदलण्याचे अर्ज तर आम्ही शेकड्याने लिहिले असतील. शाळेत गुरुजींनी 'कचरू' म्हणून नोंदवलेल्या मुलाला पुढे स्वतःचे नाव बदलावेसे वाटते, त्यात त्याचे काय चुकले? असे अर्ज लिहून हात बसलेला. म्हणून २०२४ च्या जून महिन्यात एका रविवारी वस्तीतली एक बाई आमच्या दारात आली तेव्हा आम्ही सवयीने कागद पुढे ओढला.

"भाऊ, जयभीम. पोराचं नाव बदलाचं काम अडलं हाय म्हणे मुंबईत. तुमी पाहा बरं काय ते."

"त्याचं नाव तर चांगलं आहे, बाई. कशाला बदलतो?"

"त्याचं नाई हो. त्याच्या बोटीचं."

आम्ही पेन खाली ठेवले.

या बाईचा धाकटा मुलगा दहावीनंतर मुंबईला गेला. आधी मासळीच्या बंदरावर बर्फ वाहिला, मग टोपल्या उचलल्या, मग एका बोटीवर खलाशी झाला. दहा-बारा वर्षे समुद्रावर काढली. त्यानंतर रायगड जिल्ह्यातला एक कोळी नाखवा, रत्नागिरीकडचा एक मित्र आणि हा, अशा तिघांनी मिळून एक जुनी मासेमारी बोट विकत घेतली. मुलाच्या वाट्याच्या पैशांत त्याची बचत होती, बहिणीने मोडलेली पोत होती आणि बचत गटाचे कर्ज होते. बोटीचे जुने नाव 'जलकन्या'. तिघांनी ठरवले की नाव ठेवायचे 'रमाई'. कोळी नाखव्याचीही हरकत नव्हती. त्याचे म्हणणे इतकेच होते की नाव बाईचे असावे, बोट बाईमाणूस असते.

तिघांनी काय केले, एक डबा पांढरा रंग आणला, एक डबा निळा. जुनी अक्षरे झाकली आणि बोटीच्या तोंडाशी दोन्ही अंगांना झोकात 'रमाई' लिहून घेतले. चार दिवस समुद्रावर गेले. पाचव्या दिवशी गस्तीच्या बोटीने थांबवले. कागदावर 'जलकन्या', बोटीवर 'रमाई', आणि नोंदणी प्रमाणपत्रावर मालक म्हणून चौथ्याच माणसाचे नाव. अर्धा दिवस बोट धक्क्याला अडकून पडली. पकडलेली मासळी विकता विकता भाव उतरला. सोसायटीकडून मिळणारे डिझेलही थांबले, कारण तिथेही बोटीचे नाव आणि नंबर कागदाशी जुळवून पाहतात. मुलगा फोनवर आम्हाला म्हणाला, "काका, आपली बोट, आपले पैसे, आपला रंग. मग नाव लिहायला परवानगी कशाची?"

प्रश्न वाजवी आहे. बैलगाडीला नाव देताना कोणाला विचारावे लागत नाही. ट्रकच्या मागे माणसे काय वाटेल ते लिहितात. परंतु ट्रकची ओळख त्याच्या नंबराने पटते, नाव ही हौस असते. बोटीचे तसे नाही. पाण्यावर रस्ता नसतो, नाका नसतो, आणि लांबून दिसते ते नाव. म्हणून जहाजांच्या कायद्यांत नावाला फार जुन्या काळापासून महत्त्व आहे. आपल्या देशात १९५८ च्या मर्चंट शिपिंग कायद्याने असे घालून दिले की नोंदणीत जे नाव आहे त्याशिवाय दुसऱ्या नावाने जहाज ओळखले जाऊ नये आणि ठरलेली रीत पाळल्याशिवाय नाव बदलू नये. परवानगीशिवाय बदलले असेल तर पुन्हा पहिले नाव लावायला सांगण्याचा अधिकारही सरकारकडे ठेवला. मासेमारी बोटींसाठी त्याच कायद्यात पुढे वेगळे प्रकरण जोडले गेले. २०२५ साली संसदेने या विषयाचा नवा कायदा मंजूर केला. आमच्या मुलाचे काम त्याच्या आदल्या वर्षीचे.

याखेरीज मुंबईच्या समुद्रावर नाव तपासण्याला आणखी एक कारण आहे आणि ते सर्वांना माहीत आहे. २६ नोव्हेंबर २००८ ला ज्यांनी मुंबईवर हल्ला केला ते दहा जण 'कुबेर' नावाच्या एका भारतीय मासेमारी बोटीतून आले होते. बोट पोरबंदरची. त्यांनी ती समुद्रात ताब्यात घेतली, तिच्यावरच्या खलाशांचा जीव घेतला आणि आपल्याच देशाच्या नावाआड लपून मुंबईच्या तोंडाशी येऊन पोचले. बोट आपली, नाव आपले, आत माणसे भलतीच. त्यानंतर मासेमारी बोटींची नोंदणी एका पद्धतीने करणे, राज्याराज्याच्या बोटींना वेगवेगळे रंग ठरवणे, मच्छीमारांना अंगठ्याच्या ठशासह ओळखपत्रे देणे अशी कामे देशभर हाती घेण्यात आली. हे आम्ही मुलाला फोनवर सांगितले. तो गप्प झाला. म्हणाला, "कुबेरवरचे खलाशी आमच्यासारखेच असतील, काका." आम्ही म्हणालो, "हो, आणि म्हणूनच तुझी बोट अडवली."

आता कामाचे बोलू. कारण वाचकांपैकी कोणाचा भाऊ, मेहुणा, भाचा कोकणात किंवा मुंबईत या धंद्यात असला तर त्याच्या उपयोगी पडेल.

बोटीला दोन ओळखी असतात, एक नाव आणि दुसरा नोंदणी क्रमांक. महाराष्ट्राच्या मासेमारी बोटीचा क्रमांक इंग्रजी अक्षरांतल्या 'आयएनडी' आणि 'एमएच'ने सुरू होतो, म्हणजे भारत आणि महाराष्ट्र. नाव बदलले म्हणून क्रमांक बदलत नाही. मोठ्या जहाजांनाही असेच असते. १९९६ पासून ठरावीक आकाराच्या वरच्या सर्व मालवाहू आणि प्रवासी जहाजांना सात अंकी आंतरराष्ट्रीय क्रमांक बंधनकारक झाला. तो जहाज बांधल्यापासून भंगारात जाईपर्यंत एकच राहतो. मालक बदलो, देश बदलो, नाव दहा वेळा बदलो.

पहिली चूक तिघांनी केली ती क्रमाची. त्यांनी नावाला हात घातला तेव्हा मालकीचाच कागद झालेला नव्हता. खरेदीखत हातात होते, परंतु नोंदणीत अजून जुनाच मालक होता. ज्याच्या नावावर बोट नाही त्याने तिचे नाव बदलण्याचा अर्ज कसा करायचा? तेव्हा आधी मालकी बदलून घेणे, मग नाव. अर्जावर तिन्ही मालकांच्या सह्या. सोबत मूळ नोंदणी प्रमाणपत्र, खरेदीखत, मासेमारीचा परवाना, विम्याचे कागद, सोसायटीचे पत्र आणि नाव का बदलत आहोत याचे प्रतिज्ञापत्र. जुन्या मालकाने बोटीवर बँकेचे कर्ज घेतले होते, ते फिटल्याचा दाखला बँकेकडून आणावा लागला. त्यालाच तीन आठवडे गेले. बरे झाले की १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंदी असते आणि बोटी ओढून किनाऱ्यावर घेतलेल्या असतात. नाहीतर तेवढे दिवस कमाई बुडाली असती.

मासेमारीचा परवाना ही वेगळी गोष्ट, तो राज्याच्या १९८१ च्या सागरी मासेमारी नियमन कायद्याखाली मिळतो. नोंदणीत नाव बदलले म्हणून परवान्यात आपोआप बदलत नाही. विम्यात बदलत नाही, सोसायटीच्या वहीत बदलत नाही, बँकेत बदलत नाही. हे आम्हाला राजपत्राच्या कामावरून पाठ होते. राजपत्रात नाव छापून आले म्हणजे सारे झाले असे समजून माणसे घरी बसतात आणि वर्षभराने मुलीच्या शिष्यवृत्तीच्या वेळी कळते की बापाचे नाव आधारकार्डावर एक, बँकेत दुसरे, जातीच्या दाखल्यावर तिसरे. राजपत्रात जुने नाव आणि नवे नाव दोन्ही छापतात याचे कारणही हेच. जुने नाव लपवायला म्हणून कोणी राजपत्र करत असेल तर त्याची फसगत होते. तिथे ते उलट कायमचे छापले जाते. बोटीचेही तसेच. रजिस्टरात 'जलकन्या' खोडून टाकली जात नाही. जुन्या नावाची नोंद राहते आणि तिच्यापुढे नव्या नावाची होते.

जहाजांची नावे कशी बदलतात याचे आम्हाला त्या दिवसांत वेडच लागले. जुन्या नोंदी वाचताना एक गोष्ट हाती लागली ती सांगण्यासारखी आहे.

इंग्लंडमध्ये १८९१ च्या सुमारास एक मोठे प्रवासी जहाज बांधले गेले. कॅनडाच्या कंपनीचे ते जहाज व्हॅंकूव्हर ते हाँगकाँग अशा फेऱ्या करी. नाव 'एम्प्रेस ऑफ इंडिया', म्हणजे हिंदुस्थानची सम्राज्ञी. सम्राज्ञी कोण, तर व्हिक्टोरिया राणी. पहिले महायुद्ध सुरू झाल्यावर ग्वाल्हेरच्या शिंदे महाराजांनी ते विकत घेतले आणि जखमी हिंदी सैनिकांसाठी त्याचे इस्पितळ केले. १९१५ साली नाव बदलले. काय ठेवले? 'लॉयल्टी', म्हणजे राजनिष्ठा. जहाज कॅनडाच्या मालकाकडून हिंदी मालकाकडे आले आणि नाव सम्राज्ञीवरून तिच्याविषयीच्या निष्ठेवर गेले. आम्हाला वाचून हसू आले आणि वाईटही वाटले. पुढे १९१९ साली सोलापूरचे वालचंद हिराचंद आणि मुंबईचे नरोत्तम मोरारजी यांच्या सिंधिया कंपनीने ते जहाज घेतले आणि ५ एप्रिल १९१९ ला ते मुंबईहून लंडनला निघाले. समुद्रावरची इंग्रजी कंपन्यांची मक्तेदारी मोडायला निघालेले हिंदी कंपनीचे हे जहाज. ५ एप्रिल हा दिवस आपला देश राष्ट्रीय सागरी दिन म्हणून पाळतो तो या सफरीच्या आठवणीने. म्हणजे इंग्रजांना आव्हान द्यायला निघालेल्या जहाजाच्या पाठीवर अक्षरे होती 'राजनिष्ठा'! ते १९२३ साली मुंबईतच मोडीत निघाले.

दुसरी गोष्ट नौदलाची. 'अकिलीझ' नावाचे एक ब्रिटिश लढाऊ जहाज दुसऱ्या महायुद्धात न्यूझीलंडच्या नौदलात होते. १९४८ साली ते भारताने घेतले आणि त्याचे नाव 'दिल्ली' ठेवले. परंतु नावापुढे अक्षरे लागत 'एचएमआयएस', म्हणजे इंग्लंडच्या राजेसाहेबांचे हिंदी जहाज. स्वातंत्र्य मिळून वर्ष होऊन गेले होते तरी जहाज राजेसाहेबांचेच. २६ जानेवारी १९५० ला ही अक्षरे गेली आणि 'आयएनएस' आली, भारतीय नौदलाचे जहाज. एका दिवसात नौदलाच्या सगळ्या जहाजांचा मालक कागदावर बदलला. कशाने बदलला हे या पत्राच्या वाचकांना आम्ही सांगायला नको. त्या दिवशी कोणते पुस्तक अमलात आले आणि त्याच्या मसुदा समितीचे अध्यक्ष कोण होते हे आपल्या घरातली पोरे झोपेत सांगतील. त्या 'दिल्ली'ची गंमत अशी की १९५६ साली निघालेल्या एका इंग्रजी युद्धपटात तिने आपले जुने काम केले. तेवढ्यापुरती ती पुन्हा 'अकिलीझ' झाली.

आणि तिसरे उदाहरण वाईट. २४ मार्च १९८९ ला अलास्काच्या किनाऱ्यावर 'एक्झॉन वाल्डीझ' नावाचे तेलवाहू जहाज खडकावर चढले आणि एक कोटी गॅलनहून अधिक तेल समुद्रात सांडले. पक्षी मेले, मासे मेले, मच्छीमारांची गावे उद्ध्वस्त झाली. ते नाव इतके बदनाम झाले की कंपनीने दुरुस्तीनंतर ते बदलले. मग पुन्हा बदलले. मग जहाज विकले गेले, आणखी नावे लागली. शेवटी २०१२ साली एक जहाज गुजरातमध्ये अलंगच्या किनाऱ्यावर तोडायला आले. नाव होते 'ओरिएंटल नाइसिटी', मोठे सोज्वळ नाव. परंतु ते कोण आहे हे लोकांनी ओळखले आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. न्यायालयाने तोडायला परवानगी दिली, पण तेवीस वर्षांनी आणि इतक्या नावांनंतरही त्याला कोणी नव्या जहाजासारखे वागवले नाही.

हे उदाहरण आम्ही लिहून ठेवले तेव्हा ते आपल्याच मुलाच्या कामी येईल असे वाटले नव्हते.

जुलैच्या मध्याला मुलाचा फोन आला. बोट किनाऱ्यावर ओढलेली, लाकडाला तेलपाणी चाललेले, अशात दोन माणसे येऊन उभी राहिली. पालघर जिल्ह्यातले आदिवासी. ते 'जलकन्या'वर खलाशी होते. जुन्या मालकाने शेवटच्या चार महिन्यांचा हिशेबच केला नव्हता. दोघांचे मिळून अडतीस हजार रुपये येणे. मालकाकडे गेले तर तो म्हणाला, बोट विकली, आता बोटवाल्याला विचारा. म्हणून ते बोटीकडे आले.

"मग तू काय म्हणालास?" आम्ही विचारले.

"मी म्हणालो, ते पैसे 'जलकन्या'चे. ही बोट 'रमाई' आहे."

वाचकहो, खरे सांगायचे तर आम्हाला त्याचे म्हणणे आधी पटले. त्याने त्या दोघांना कधी कामावर ठेवले नव्हते. तो स्वतः कर्जात होता. खरेदीखतात जुन्या मालकाने लिहून दिले होते की मागचे सर्व देणे माझे. कारकुनाच्या डोक्याने पाहिले तर कागद मुलाच्या बाजूने होता. परंतु आम्हाला शंका आली म्हणून ओळखीच्या एका वकिलांना फोन केला, आणि त्यांनी सांगितले ते ऐकून आम्ही खुर्चीत सरळ बसलो.

२०१७ साली संसदेने जहाजांवरच्या दाव्यांचा एक कायदा केला. इंग्रजांच्या काळातले जुने कायदे जाऊन त्यांच्या जागी हा आला. त्यात काही देणी अशी आहेत की त्यांचा बोजा मालकावर नाही, थेट जहाजावर बसतो. त्या देण्यांत पहिला मान कोणाचा, तर जहाजावर काम करणाऱ्यांच्या पगाराचा. बंदराची देणी, धडकेची नुकसानभरपाई हे सगळे त्याच्या मागे. जहाज विकले, त्याची नोंदणी बदलली, झेंडा बदलला तरी तो बोजा जहाजावरच राहतो. पगाराच्या बाबतीत दोन वर्षे राहतो. या कायद्यात जहाज म्हणजे बोटही आली. नदी-धरणातल्या नावांना तो साधारणपणे लागू नाही, तेव्हा नळगंगेवरच्या मंडळींनी गैरसमज करून घेऊ नये. परंतु समुद्रावरच्या बोटीला लागू आहे आणि देणे थकले तर उच्च न्यायालय जहाज अटकेत ठेवू शकते. माणसाला अटक होते तशी जहाजाला अटक!

अडतीस हजारांसाठी पालघरचे दोन खलाशी मुंबईच्या उच्च न्यायालयात जाणार नाहीत हे वकिलांनाही ठाऊक होते आणि आम्हालाही. वकील म्हणाले, "कायदा त्यांच्या बाजूने आहे, वकिलाची फी नाही." एवढे बोलून त्यांनी फोन ठेवला.

आम्ही मुलाला कायदा सांगितला. तो म्हणाला, "काका, ते कोर्टात जाणार आहेत का?" आम्ही म्हणालो, "नाही." तो म्हणाला, "मग?"

या 'मग'ला आमच्याकडे उत्तर नव्हते. आम्ही 'एक्झॉन वाल्डीझ'ची गोष्ट सांगून पाहिली. ती त्याला मोठ्या लोकांची वाटली असावी. उत्तर दिले ते त्याच्या आईने. ती शेजारी बसून फोनवरचे ऐकत होती. तिने फोन मागून घेतला.

"तुहा बाप सालदार होता, ठाऊक हाय ना तुले?" ती म्हणाली. "मालकानं वावर इकलं दिवाळीच्या तोंडावर. सालाचे सहा महिने झाले होते. नवा मालक म्हणे, तुहा हिशेब जुन्या मालकाकडं. जुना म्हणे, वावर आता माह्यं नाई. तुहा बाप दोन घरं फिरला. दोन वर्सं फिरला. वावर तर थेच होतं नं रे?"

पलीकडून बराच वेळ काही आवाज आला नाही. आम्हाला वाटले फोन कटला.

मुलाच्या वडिलांना जाऊन आता बरीच वर्षे झाली. ते सालाचे पैसे बुडालेच. आम्ही त्या वेळी शाळेत होतो, पण त्यांची ती दोन घरांमधली येरझार आम्हालाही आठवते. एक घर वेशीपाशी, दुसरे वरच्या आळीत. त्यांचा अर्ज लिहून द्यायला तेव्हा वस्तीत कोणी नव्हते. आणि अर्ज लिहून तरी काय झाले असते, कोणास ठाऊक.

पुढे काय झाले ते सांगतो. मुलाने दोन्ही भागीदारांशी बोलणे केले. कोळी नाखव्याने आधी बरीच खळखळ केली, मग म्हणाला की ज्या बोटीवर खलाशाचा तळतळाट आहे तिला मासळी लागत नाही. हा त्याचा समज, आमचा नाही. पण त्याने काम झाले. तिघे मिळून जुन्या मालकाकडे गेले. कायद्याचे नाव काढल्यावर त्याने दहा हजार दिले आणि उरलेल्यांना हात वर केले. बाकीच्या अठ्ठावीसपैकी चौदा तिघांनी लगेच दिले आणि चौदा नारळी पौर्णिमेनंतर पहिल्या दोन महिन्यांच्या मासळीतून द्यायचे असे ठरले. आम्ही त्याचा कागद केला. साधाच कागद, दोन प्रती, दोन साक्षीदार. पहिल्या ओळीत लिहिले: "बोट 'रमाई', पूर्वीचे नाव 'जलकन्या'." मुलाने विचारले, पूर्वीचे नाव कशाला? आम्ही सांगितले, या दोघांनी 'जलकन्या'वर काम केले आहे, त्यांच्या कागदावर ते नाव पाहिजे.

'नामांतर' हा शब्द आपल्या समाजाने फार मोठ्या किमतीला शिकलेला आहे. १९७८ च्या जुलैत विधिमंडळाने विद्यापीठाच्या नावाचा ठराव केला आणि १४ जानेवारी १९९४ ला ते नाव लागले, तेही विस्ताराने. मधल्या साडेपंधरा वर्षांत काय काय जळले ते ज्यांनी पाहिले ती माणसे अजून आपल्यात आहेत. त्या शब्दापुढे एका बोटीची गोष्ट ती काय! तरीही या लेखाला आम्ही मथळ्यात तोच शब्द दिला आहे. कोणाला तो जड वाटला तर कळवावे.

बोटीच्या नावाला मंजुरी ऑगस्टमध्ये आली. नवे प्रमाणपत्र मिळाल्यावरच रंगारी बोलवायचा असे आम्ही बजावून सांगितले होते. या वेळी अक्षरे रंगाऱ्याने काढली, गडद पाटीवर पांढरी, तोंडाशी दोन्ही बाजूंना आणि मागे, बंदराच्या नावासह. क्रमांक होता तोच. परवाना, विमा, सोसायटीची वही आणि बँकेचे खाते या चार ठिकाणी नाव बदलून घ्यायला दिवाळी उजाडली. विम्यात तर एकदा 'रमाई'चे 'रामाई' झाले आणि पुन्हा अर्ज करावा लागला. ज्यांना अशी कामे करायची असतील त्यांनी नव्या प्रमाणपत्राच्या निदान दहा झेरॉक्स प्रती आधीच काढून ठेवाव्यात आणि प्रत्येक ठिकाणी दिलेल्या अर्जाची पोच घ्यावी.

मुलाने आईला फोनवर बोटीचा फोटो पाठवला. तिला वाचता येत नाही. तिने आमच्याकडून नाव वाचून घेतले, दोनदा. मग चष्मा पुसून पुन्हा पाहिले आणि विचारले की ते दोघे दिसतात का त्यात.

चौदा हजार ऑक्टोबरच्या अखेरीस फिटले. दोघांपैकी एक खलाशी आता 'रमाई'वरच कामाला आहे. दुसरा पैसे घेऊन गेला तो परत आला नाही.